मुळांचा वैद्य : सर एडविन जॉन बटलर

पिकाच्या मुळाशी लागलेला रोग हा शेतकऱ्याचा सर्वांत कपटी वैरी होय. टोळधाड डोळ्यांना दिसते, गारपीट कानांना ऐकू येते, अवर्षणाची चाहूल आभाळाकडे पाहून लागते. मुळांवरील बुरशी मात्र जमिनीच्या पोटात आपले काम करीत राहते. वर पाने हिरवी असतात, फुलोरा आलेला असतो, आणि एके दिवशी भर ओलीत उभे झाड पाण्यावाचून तळमळावे तसे माना टाकते. तोवर उपचाराची वेळ टळून गेलेली असते. अशा मरगळलेल्या शेताला पूर्वी दृष्ट लागली असे म्हणत; कोणी देवाचा कोप मानी, तर कोणी दैवाला बोल लावून पुढच्या वर्षी त्याच मातीत तेच बी पेरी. त्या मातीतच रोगाचे बीज दडलेले आहे, हे सांगणारा कोणी नव्हता.

सह्याद्रीच्या माथ्यावर, गोव्याच्या सीमेला लागून असलेल्या जोयडा तालुक्यात ही व्यथा परकी नाही. बाजारकुणंग व त्याच्या आसपासच्या जंगलपट्टीत भाताची खाचरे, कुळागरातील सुपारी, तिच्या अंगाने चढलेली मिरवेल, परसातील आले-हळद आणि कुणबी समाजाने पिढ्यान्‌पिढ्या जपलेली अळकुड्या, सुरण, कणगे यांसारखी कंदपिके, हेच येथील जीवनाचे आधार. मृगापासून हस्तापर्यंत कोसळणारा पाऊस हे या भूमीचे वैभव आहे. परंतु ज्या ओलाव्यावर पीक पोसते त्याच ओलाव्यावर बुरशीही पोसते. मिरवेल बुडाशी काळी पडून आठ-पंधरा दिवसांत गळून पडणे, आल्याचा गड्डा हाताला चिखलासारखा लागणे, सुपारीच्या बुंध्याशी अळंबी फुटून झाड आतून पोकळ होणे, हे येथील बागायतदाराने पाहिलेले असते. हा तालुका पूर्वी सुपे या नावाने ओळखला जाई. सारा कारवार जिल्हा १८६२ पासून मुंबई इलाख्याला जोडलेला होता आणि १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत तो म्हैसूर राज्यात गेला. येथील शेतीविषयीचे सरकारी ज्ञान त्यामुळे दीर्घकाळ पुण्याच्या कृषी महाविद्यालयातून येत असे. आणि पुण्याच्या त्या विद्येचा एक मोठा झरा बिहारमधील पुसा येथे होता. त्या झऱ्याचे मूळ शोधू गेल्यास जे नाव हाती लागते ते सर एडविन जॉन बटलर यांचे.

भारतातील आधुनिक वनस्पतिरोगशास्त्राचे जनक म्हणून बटलर यांचा उल्लेख पाठ्यपुस्तकांतून होतो. परंतु सामान्य वाचकाला त्यांचे चरित्र फारसे परिचित नाही. ते परिचित व्हावे अशा योग्यतेचे निश्चितच आहे.

जन्म व शिक्षण

एडविन जॉन बटलर यांचा जन्म १३ ऑगस्ट १८७४ रोजी आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावरील क्लेअर परगण्यात, किल्की या गावी झाला. त्या भूमीला पीकरोगाचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागत नव्हता. त्यांच्या जन्मापूर्वी जेमतेम तीस वर्षे आधी, १८४५ साली, आयर्लंडच्या बटाट्यावर करपा पडला. एका सूक्ष्म कवकसदृश जीवाने गरिबांचे एकमेव अन्न शेतातच कुजवून टाकले. पुढील काही वर्षांत सुमारे दहा लाख माणसे भुकेने व रोगराईने मृत्युमुखी पडली, आणि जवळजवळ तितकीच देश सोडून गेली. क्लेअर हा या आपत्तीत विशेष होरपळलेला भाग होता. वनस्पतींच्या रोगांचे शास्त्र युरोपात जन्माला आले ते बऱ्याच अंशी याच दुष्काळाच्या राखेतून. रोगट पानावर दिसणारी बुरशी हा रोगाचा परिणाम नसून तेच त्याचे कारण आहे, हे सिद्ध करण्यासाठी जर्मनीतील आंतोन दे बारी यांना पुढे बरीच वर्षे खर्ची घालावी लागली.

बटलर यांनी मात्र आरंभी वैद्यकाचा मार्ग धरला. कॉर्क येथील क्वीन्स कॉलेजातून १८९८ साली ते वैद्यकीय पदवी घेऊन बाहेर पडले. याच महाविद्यालयात मार्कस हार्टोग हे जीवशास्त्राचे प्राध्यापक होते आणि पाण्यात वाढणाऱ्या कवकांचा त्यांचा व्यासंग होता. गुरूचा हा व्यासंग शिष्याला लागला आणि माणसांचा वैद्य होऊ घातलेला तरुण सूक्ष्मदर्शकाखालील बुरशीत रमला. पुढे पॅरिस, आंतीब, फ्रायबर्ग आणि लंडनजवळचे क्यू उद्यान अशा ठिकाणी राहून त्यांनी वनस्पतिशास्त्राचे शिक्षण पुरे केले. पाण्यातील त्या साध्यासुध्या कवकांपैकी पिथियम नावाची प्रजाती त्यांनी अभ्यासासाठी निवडली. कोवळ्या रोपांची माती-रेषेवर कोलमड, गड्ड्यांची कूज आणि मुळांची सड घडवून आणणारी हीच ती प्रजाती. ज्या देशात चार महिने शेते पाण्याखाली असतात त्या देशात या विद्येचे मोल किती होणार, याची कल्पना त्या वेळी फारशी कोणाला असण्याचे कारण नव्हते.

हिंदुस्थानात आगमन

१९०१ साली हिंदुस्थान सरकारचे पहिले अपुष्प-वनस्पतिशास्त्रज्ञ म्हणून बटलर कलकत्त्याजवळच्या शिबपूर येथील वनस्पती उद्यानात रुजू झाले. त्यांच्यापूर्वी या देशातील बुरशींकडे कोणी पाहिलेच नव्हते असे नाही. कनिंगहॅम व बार्क्ले या लष्करी वैद्यकीय सेवेतील डॉक्टरांनी आपल्या फावल्या वेळात तांबेऱ्यासारख्या रोगांचे चांगले निरीक्षण केले होते. परंतु ते हौसेचे काम होते. संपूर्ण वेळ पीकरोगांना वाहिलेला अधिकारी प्रथमच नेमला गेला, आणि पेशावरपासून मलबारपर्यंतच्या शेतीला तो एकटाच होता.

दुसऱ्याच वर्षी त्यांचे ठाणे डेहराडून येथे हलले. तेवढ्यात लॉर्ड कर्झन यांच्या काळात बिहारमधील पुसा येथे कृषी संशोधन संस्था काढण्याचे ठरले. हेन्री फिप्स या अमेरिकी गृहस्थाने दिलेल्या तीस हजार पौंडांच्या देणगीचा या कामी मोठा उपयोग झाला. १९०५ साली संस्थेची कोनशिला बसली आणि बटलर तेथे इंपीरियल मायकॉलॉजिस्ट, म्हणजे साम्राज्याचे कवकशास्त्रज्ञ, म्हणून दाखल झाले. पुढील पंधरा वर्षे हीच त्यांची कर्मभूमी ठरली.

या काळात त्यांनी प्रवास अपार केला. शेतात जावे, रोगट झाड मुळासकट उपटून पाहावे, शेतकऱ्याला पेरणी, पाणी, मागचे पीक यांविषयी विचारावे, नमुना वाळवून कागदात गुंडाळावा, त्यावर गाव, तारीख व पीक लिहावे आणि पुशाला परतल्यावर सूक्ष्मदर्शकाखाली त्याची छाननी करावी, असा हा क्रम होता. वाळलेल्या नमुन्यांच्या या संग्रहातून पुशाचे कवक-संग्रहालय उभे राहिले. जर्मनीतील सिडो पिता-पुत्रांच्या सहकार्याने या नमुन्यांतील नव्या जातींची वर्णने प्रसिद्ध होऊ लागली. गव्हाचा तांबेरा, उसाची लाल कूज, मक्यावरील केवडा, पूर्व बंगालच्या भातावरील उफ्रा अशा एकेका रोगाचे कोडे त्यांनी हाती घेतले. यांपैकी उफ्रा हा बुरशीचा रोग नसून एका सूक्ष्म सूत्रकृमीची करणी आहे, हे त्यांनी १९१३ साली दाखवून दिले. कवकशास्त्रज्ञ असूनही प्रत्येक रोगाचे खापर बुरशीवर फोडण्याचा मोह त्यांना झाला नाही.

तुरीचा मर

बटलर यांच्या हिंदुस्थानातील कामात मुळांच्या रोगांना विशेष स्थान आहे, आणि त्यातही तुरीच्या मर रोगाचे संशोधन हे त्यांच्या शास्त्रीय सचोटीचे उत्तम उदाहरण होय.

तूर हे गरिबाच्या ताटातील डाळीचे पीक. शेतात ते सहा-सात महिने उभे असते, आणि नेमके फुलोऱ्याच्या व शेंगा धरण्याच्या सुमारास त्यातील झाडे वाळू लागतात. आरंभी एखादी फांदी मलूल होते, खोडावर एका बाजूने जांभळट-तपकिरी पट्टा चढत जातो, साल सोलली तर आतील लाकडात काळपट रेघा दिसतात. पहिल्या वर्षी शेतात दोन-चार ठिकाणी मेलेल्या झाडांचे ठिपके दिसतात; त्याच जमिनीत पुन्हा तूर घेतली की ते ठिपके पसरत जातात आणि काही वर्षांत ते रान तुरीला निकामी होते.

१९०६ साली बटलर यांनी तुरीच्या व मिरवेलीच्या मर रोगाविषयी पहिला लेख प्रसिद्ध केला. तुरीच्या जलवाहिन्यांत त्यांना फ्युझेरियम नावाची बुरशी आढळली होती. याच सुमारास अमेरिकेत एर्विन स्मिथ या नामांकित शास्त्रज्ञाचे मत प्रमाण मानले जात होते. कापूस, कलिंगड व चवळी यांच्या मर रोगावर स्मिथ यांनी १८९९ साली लिहिले होते. जलवाहिन्यांतील फ्युझेरियम आणि मेलेल्या मुळांवर वाढणारी निओकॉस्मोस्पोरा नावाची तांबूस बुरशी या एकाच जीवाच्या दोन अवस्था होत, असे त्यांचे प्रतिपादन होते. तुरीच्या मेलेल्या मुळांवरही ही तांबूस बुरशी सापडत होतीच. तेव्हा हिंदुस्थानातील तुरीचा रोगही त्याच जातीचा असावा, असे मानणे स्वाभाविक होते आणि बटलर यांनी आरंभी तसेच मानले.

परंतु तर्क जुळतो म्हणून निर्णय देऊन मोकळे होणे त्यांना पटले नाही. त्यांनी दोन्ही बुरशी वेगवेगळ्या, शुद्ध स्वरूपात वाढविल्या. एक जलवाहिन्यांतील फ्युझेरियमची आणि दुसरी तांबूस बुरशीच्या बीजाणूंपासून निघालेली. मग निरोगी तुरीच्या रोपांच्या मातीत त्या स्वतंत्रपणे मिसळून पाहिल्या. जेथे फ्युझेरियम मिसळली तेथे रोपे मेली आणि मेलेल्या रोपांच्या मुळांतून तीच बुरशी परत हाती आली. जेथे निओकॉस्मोस्पोरा मिसळली तेथे रोपे निरोगी राहिली. रोगाचे कारण सिद्ध करण्याची ही कसोटी माणसांच्या रोगांकरिता रॉबर्ट कॉख यांनी घालून दिलेली होती. वैद्यकाचा पदवीधर असलेल्या बटलर यांनी ती तुरीच्या झाडाला लावली. तांबूस बुरशी ही मेलेल्या मुळांवर उपजीविका करणारी, मागाहून येणारी होती. खरी मारेकरी वेगळीच होती. १९१० साली त्यांनी हा सारा पुरावा सविस्तर मांडला आणि त्या बुरशीला फ्युझेरियम उडम हे नाव दिले. आपले स्वतःचे पूर्वीचे मत त्यांनी त्याच प्रबंधात स्वच्छपणे मागे घेतले. आज शंभर वर्षांहून अधिक काळ लोटल्यावरही तुरीचा मर याच नावाने जगभर ओळखला जातो.

या निर्णयाचे महत्त्व केवळ नावापुरते नव्हते. रोग बारीक मुळांतून शिरतो, जलवाहिन्या व्यापतो आणि झाडाला पाणी तोडतो. मेलेल्या झाडाची धसकटे जमिनीत राहिली की बुरशी त्यांवर काही वर्षे तग धरते, हे एकदा स्पष्ट झाल्यावर उपायांची दिशा ठरली. फळांवर-पानांवर पडणाऱ्या रोगाला मोरचूद व चुन्याचे बोर्डो मिश्रण फवारून अटकाव करता येतो, कारण तेथे बुरशी बाहेरून येऊन पृष्ठभागावर उतरते. मुळांच्या रोगात शत्रू आधीच मातीत ठाण मांडून असतो, आणि सारी जमीन औषधाने धुऊन काढणे कोणालाही परवडणारे नसते. म्हणून पिकांची फेरपालट करावी, रोगट झाडे धसकटांसह काढून जाळावीत, आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे ज्या रानात बहुतेक झाडे मेली तेथे तगून राहिलेल्या झाडांचे बी जपावे. रोगाला दाद न देणारे वाण निवडीने तयार करणे हाच या रोगावरचा कायमचा तोडगा, हे बटलर यांनी १९०८ च्या सुमारासच मांडले होते. तो मार्ग लांबचा होता, पण खरा ठरला. हैदराबादजवळच्या इक्रिसॅट संस्थेत महाराष्ट्रातील एका स्थानिक वाणातून निवडलेली मररोधक तूर १९८६ साली कर्नाटकात मारुती या नावाने प्रसारित झाली, आणि उत्तर कर्नाटक व मराठवाड्याच्या ज्या रानांत तूर घेणे सोडून द्यावे लागले होते तेथे ती पुन्हा डोलू लागली.

ताड, सुपारी आणि मिरवेल

गोदावरीच्या मुखाजवळील प्रदेशात विसाव्या शतकाच्या आरंभी ताडाची झाडे शेंड्याचा कोंब कुजून मरत होती. ताडावर तेथील असंख्य कुटुंबांचे पोट चाले. बटलर यांनी या कोंबकुजीचे कारण असलेला जीव शोधून १९०७ साली त्याचे वर्णन केले. प्रथम त्यांनी तो पिथियम प्रजातीत घातला आणि पुढे अधिक अभ्यासानंतर १९१९ साली फायटोफ्थोरा प्रजातीत नेला. आयर्लंडचा बटाटा नासवणारी प्रजाती ती हीच. रोगट झाडांचे शेंडे तोडून जाळण्याची मोठी मोहीम मद्रास सरकारने त्यांच्या संशोधनावरून हाती घेतली.

पिथियम प्रजातीवरील त्यांचा विस्तृत प्रबंधही १९०७ चाच. या जीवांचे बीजाणू पाण्यात पोहतात. पावसाच्या पाण्याच्या एका ओहळाबरोबर ते एका सरीतून दुसऱ्या सरीत जातात, म्हणून निचरा हाच त्यांच्यावरचा पहिला उपाय. तत्कालीन मुंबई इलाख्यातील सुरत जिल्ह्यात आल्याच्या गड्ड्यांची कूज याच वर्गातील बुरशीमुळे होते, हे त्यांनी नोंदविले. आले उंच वाफ्यांवर लावावे, बियाण्याचा गड्डा निरोगी निवडावा, पाणी तुंबू देऊ नये, या आजच्या सल्ल्यामागील कारण त्या नोंदींत सापडते. वायनाडमधील मिरवेलीच्या मर रोगाकडेही त्यांनी लक्ष पुरविले. त्याचे मुख्य कारण असलेली फायटोफ्थोरा मात्र १९६० च्या दशकात निश्चित झाली.

कारवार व म्हैसूरच्या सुपारी बागांना ग्रासणाऱ्या कोळे रोगाचा, म्हणजे पावसाळ्यातील फळगळीचा, उल्लेख बटलर यांच्या १९०६ च्या ताडवर्गीय झाडांवरील लेखात येतो. या रोगाचा पुरा छडा म्हैसूर संस्थानचे कवकशास्त्रज्ञ लेस्ली कोलमन यांनी १९१० साली लावला. सुपारीच्या बुंध्याशी छत्रीसारखी अळंबी उगवून मुळे कुजविणाऱ्या रोगावरही कोलमन यांनीच पुढच्या वर्षी लिहिले. कन्नड भाषेत अळंबीला अणबे म्हणतात, त्यावरून तो अणबे रोग. घाटमाथ्यावरील बागायतदाराने आपल्या बोलीत ठेवलेली ही नावे शास्त्रज्ञांनी तशीच स्वीकारली आणि ती जगातील ग्रंथांत गेली.

पुण्याशी नाते व शिष्यपरंपरा

एकट्याने हा देश पालथा घालणे शक्य नाही, हे बटलर जाणून होते. पुशाच्या प्रयोगशाळेत त्यांनी भारतीय सहायकांना हाताशी धरले. जहांगीर फरदुनजी दस्तूर यांनी तेथे १९१३ साली एरंडीवरील फायटोफ्थोराची नवी जाती वर्णिली; ती आज जगभर ओळखली जाते. हेच दस्तूर पुढे नागपूरला मध्य प्रांत व वऱ्हाड सरकारचे कवकशास्त्रज्ञ झाले आणि विड्याच्या पानवेलींची बुडकूज व मर यांवर त्यांनी महत्त्वाचे काम केले. हाफिज खान यांच्यासमवेत बटलर यांनी उसाच्या लाल कुजीवर लिहिले. सुब्रह्मण्यम या सहायकाने १९१९ साली पिथियमच्या एका नव्या जातीला आपल्या गुरूचे नाव दिले.

मराठी वाचकाला विशेष जिव्हाळ्याचे नाव म्हणजे जी. एस. कुलकर्णी यांचे. पुण्याच्या कृषी महाविद्यालयातील या कवकशास्त्रज्ञासह बटलर यांनी १९१३ साली अळूच्या करप्यावर प्रबंध प्रसिद्ध केला. अळूच्या पानांवर पावसाळ्यात पाणथळ डाग पडून पाहता पाहता पान गळते, आणि पान गेले की जमिनीतील कंद पोसत नाही. जेथे अळकुड्या हे केवळ भाजीचे नव्हे तर पोटभरीचे अन्न आहे, त्या जोयड्यासारख्या भागाला हा रोग कोणत्या तोडीचा आहे, हे सांगायला नको. कुलकर्णी यांनी पुढे इलाख्यातील ज्वारीच्या काणीचा अभ्यास करून १९१८ साली त्यावर स्वतंत्र पुस्तिका लिहिली. बियाण्याला गंधकाची भुकटी चोळून पेरणे हा काणीवरचा स्वस्त उपाय दख्खनच्या शेतकऱ्यापर्यंत पोहोचला तो पुण्याच्या याच परंपरेतून. पुढील पिढीत उप्पल, पटेल व एम. एन. कामत यांनी १९३५ साली मुंबई इलाख्यातील कवकांची सूची सिद्ध केली.

या कार्याला एक मर्यादाही होती, आणि तिचा उल्लेख न करणे अन्यायाचे होईल. पुशाची प्रकाशने इंग्रजीत निघत. ज्याच्या शेतातील नमुना पुशाला जाई, त्याला त्या नमुन्याचे पुढे काय झाले हे कळण्याचा मार्ग सहसा नसे. परकीय सरकारचे लक्ष कापूस, ऊस, गहू, चहा अशा व्यापारी पिकांकडे अधिक वळे आणि कंदमुळांवर जगणाऱ्या डोंगरी गावांपर्यंत शेतकी खात्याचा माणूस क्वचित पोहोचे. ज्ञान आणि शेत यांमधील हे अंतर बटलर यांच्या हयातीत मिटले नाही.

ग्रंथ व ग्रंथसेवा

१९१८ साली कलकत्त्याच्या थॅकर, स्पिंक कंपनीने बटलर यांचा वनस्पतींतील कवक व रोग या विषयावरील सुमारे साडेपाचशे पृष्ठांचा इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला. पूर्वार्धात बुरशीचे जीवन, तिचा प्रसार, रोगाची कारणे व प्रतिबंध यांचे विवेचन आहे; उत्तरार्धात या देशातील एकेक पीक घेऊन त्याच्या रोगांचे वर्णन आहे. तोवर येथील विद्यार्थ्याला युरोपातील पिकांच्या रोगांची पुस्तके वाचावी लागत. तूर, ज्वारी, सुपारी, आले, हळद, पानवेल या आपल्या पिकांना शास्त्रीय ग्रंथात मानाचे स्थान देणारे हे पहिलेच मोठे पुस्तक होय.

१९२० साली बटलर यांनी हिंदुस्थान सोडला आणि लंडनजवळ क्यू येथे नव्याने निघालेल्या इंपीरियल ब्युरो ऑफ मायकॉलॉजी या संस्थेचे ते पहिले संचालक झाले. ग्रंथालयाशी नाते असलेल्या वाचकाला त्यांच्या आयुष्याचे हे पर्व विशेष मोलाचे वाटेल. पुशाला एकाकी काम करताना त्यांनी अनुभवले होते की, शास्त्रज्ञाची मोठी अडचण बुद्धीची किंवा उपकरणांची नसून पुस्तकांची असते. जावा बेटात कोणी एखाद्या रोगाचा छडा लावलेला असतो आणि मलबारातील माणूस त्याच शोधात वर्षे घालवीत असतो. ही उणीव दूर करण्यासाठी त्यांनी जगातील नियतकालिके गोळा करून, वाचून, त्यांतील प्रत्येक उपयुक्त लेखाचा गोषवारा देणारे मासिक १९२२ पासून सुरू केले. त्याच्या जोडीला सूची, नमुन्यांचा संग्रह आणि दूरदेशांहून येणाऱ्या रोगट नमुन्यांची ओळख पटवून देण्याची व्यवस्था उभी केली. आफ्रिकेतील वा वेस्ट इंडीजमधील एखाद्या कृषी अधिकाऱ्याने टपालाने एक वाळलेले मूळ पाठवावे आणि काही आठवड्यांनी त्याला बुरशीचे नाव व त्यावरील साहित्याची यादी मिळावी, अशी ही सोय होती. १९३० साली या संस्थेला इंपीरियल मायकॉलॉजिकल इन्स्टिट्यूट हे नाव मिळाले. पंधरा वर्षे त्यांनी तिची धुरा वाहिली.

हिंदुस्थानला मात्र ते विसरले नाहीत. गाय बिस्बी यांच्या सहकार्याने त्यांनी १९३१ साली भारतातील कवकांची समग्र सूची प्रसिद्ध केली. दोन हजारांहून अधिक जातींची ही नोंदवही म्हणजे पुढील प्रत्येक संशोधकाचा पहिला आधार ठरली. तिची पहिली पुरवणी बी. बी. मुंडकूर यांनी १९३८ साली तयार केली. याच मुंडकूर यांनी १९४७ साली भारतीय वनस्पतिरोगशास्त्र संस्थेची स्थापना केली, आणि बटलर यांनी लावलेले रोप स्वतंत्र भारताच्या भूमीत आपल्या मुळांवर उभे राहिले.

अखेरची वर्षे

बटलर यांना मानसन्मान यथाकाल मिळाले. १९२६ साली ते रॉयल सोसायटीचे सदस्य झाले, १९३९ साली त्यांना सर हा किताब मिळाला. १९३५ पासून १९४१ पर्यंत ब्रिटनच्या कृषी संशोधन मंडळाचे सचिवपद त्यांनी सांभाळले. प्रशासनाच्या या व्यापातही सूक्ष्मदर्शक सुटला नाही. १९३९ साली प्रसिद्ध झालेला त्यांचा एक निबंध मुळांतील बुरशीवरच आहे. परंतु ही बुरशी मारणारी नव्हे, तारणारी आहे. बहुसंख्य वनस्पतींच्या मुळांत एक प्रकारचे कवक वस्तीला असते. ते जमिनीतील स्फुरदासारखी पोषकद्रव्ये मुळांना आणून देते आणि मोबदल्यात झाडाकडून साखर घेते. या सहजीवी कवकांचे कुळ कोणते, याचा विचार बटलर यांनी तेथे मांडला. चाळीस वर्षे मुळांच्या वैऱ्यांचा माग काढणाऱ्या या वैद्याने मुळांच्या मित्रांचीही दखल घेतली. आज सुपारी-मिरीच्या बागांत मुळकुजीवर ट्रायकोडर्मा ही उपकारक बुरशी शेणखतात मिसळून दिली जाते. बुरशीनेच बुरशीला आवर घालण्याचा हा उपाय मातीकडे पाहण्याच्या याच व्यापक दृष्टीत बसणारा आहे.

४ एप्रिल १९४३ रोजी सर एडविन बटलर यांचे निधन झाले. त्याच वर्षी बंगालमध्ये भीषण दुष्काळ पडून लक्षावधी माणसे अन्नावाचून मेली. त्या दुष्काळाच्या कारणांविषयी विद्वानांत मतभेद आहेत. युद्ध, भाववाढ आणि सरकारी अनास्था यांचा वाटा त्यात मोठा होता. तथापि आदल्या हंगामात, १९४२ साली, बंगालच्या भातावर तपकिरी ठिपक्यांच्या बुरशीजन्य रोगाने मोठी नासाडी केली होती, हेही तितकेच खरे. आयर्लंडच्या दुष्काळाने ज्या शास्त्राला जन्म दिला, त्या शास्त्राची गरज किती जीवनमरणाची आहे याची आठवण काळाने पुन्हा एकदा कठोरपणे करून दिली.

बटलर यांनी अपुरा ठेवलेला वनस्पतिरोगशास्त्रावरील ग्रंथ एस. जी. जोन्स यांनी पूर्ण करून १९४९ साली प्रसिद्ध केला. पुशाची मूळ वास्तू १९३४ च्या भूकंपात मोडली आणि संस्था १९३६ साली दिल्लीला गेली. बटलर यांनी कागदात गुंडाळून, गाव आणि तारीख लिहून ठेवलेले नमुने मात्र दिल्लीच्या भारतीय कृषी अनुसंधान संस्थेच्या संग्रहात जपलेले आहेत. ज्यांच्या शेतांतून ते आले त्या शेतकऱ्यांची नावे त्यांवर नाहीत. पण शेतकऱ्याची हानी ही दैवाची खेळी नसून तिला कारण असते, कारण असेल तर ते शोधता येते, आणि शोधलेले लिहून ठेवले तर ते पुढच्याच्या उपयोगी पडते, हा बटलर यांच्या आयुष्याचा बोध होय. बाजारकुणंगच्या कुळागरात आज मिरवेल पिवळी पडली तर तिचा धनी मुळाशी माती उकरून पाहतो, निचऱ्याची चर खणतो, निरोगी वेलीची छाटे वेगळी काढून ठेवतो. त्याने बटलर हे नाव ऐकलेले नसेल. परंतु आधी मुळाकडे पाहावे ही त्या वैद्याची शिकवण पुसा, पुणे आणि धारवाडच्या वाटेने त्याच्यापर्यंत पोहोचलेली आहे.